संत्रा भाई म्हणजे मी

सौंसरच्या बसस्टँड रस्त्यावर आमचा सायबर कॅफे होता. समोरच्या खोलीत चार कॉम्प्युटर, एक काउंटर आणि काउंटरवर आमचे हे, विलासराव. मागच्या खोलीत, पडद्याआड, पाचवा कॉम्प्युटर, गव्हाची कोठी, गॅसची जादा टाकी आणि मी. गाव समोरच्या खोलीला ओळखत होतं. कोणाला नवा सिनेमा पाहिजे असला की लोक म्हणायचे, ‘विलासभाऊच्या इथून आण. मोठा पोचलेला माणूस हाये.’ हे ऐकून घेत आणि मिशीतल्या मिशीत हसत. ह्यांना पेन ड्राइव्ह कोणत्या बाजूनं लावायचा तेही दोनदा पाहावं लागे.

मला कोणी मागे ढकललं होतं असं समजू नका. ह्यांना माणसांशिवाय करमत नाही आणि मला माणसं आली की घाम फुटतो. मी पांढुर्ण्याची, गणित घेऊन बी.एस्सी. केलेली, लग्नाआधी नागपूरला कॉम्प्युटरचा वर्षभराचा डिप्लोमा केलेली. पडद्यामागे मी सुखात होते. आता दुकान बंद होऊन बरीच वर्षं झाली. दिवाळी अंकासाठी जुन्या धंद्यावर लिहा असं ह्यांना सांगण्यात आलं, तेव्हा ह्यांनी कागद माझ्यासमोर ठेवला आणि म्हणाले, ‘माझ्याजवळ का हाये लिहायले? तूच लिहून टाक.’

तर लिहिते. त्या कामाला पायरसी म्हणतात. आमच्याकडे नुसतं डाउनलोडिंग म्हणत. चोरी हा शब्द मी कितीतरी वर्षं तोंडात येऊ दिला नाही. ती चोरी होती. आणि मी ती फार चांगली करत होते, हेही मला सांगायचं आहे.

इंटरनेट तेव्हा टेलिफोनच्या तारेतून थेंबाथेंबानं यायचं. पहाटेचे काही तास डाउनलोड फुकट असे, म्हणून मशीन रात्री लावून ठेवायचं आणि सकाळी कणीक मळायच्या आधी पाहायचं की किती आलं. लाईट गेली तर जिथे थांबलं तिथूनच पुढे सुरू होई. असा एक सिनेमा यायला कधी दोन दिवस लागत, कधी आठवडा.

तो यायचा कुठून, हे मला तेव्हा भल्याभल्यांना समजावता आलं नाही. कोणत्या एका जागी सिनेमा ठेवलेला नसे. त्याचे हजारो तुकडे जगभरच्या लोकांच्या मशीनवर पडलेले असत. तुमच्याजवळ जो तुकडा आला तो तुम्ही दुसऱ्याला द्यायचा, त्याच्याजवळचा तुम्ही घ्यायचा. सगळे तुकडे जमले की सिनेमा पूर्ण. मग काही लोक लगेच मशीन बंद करून निघून जात. ते नालायक. चांगला माणूस आपलं पोट भरल्यावरही मशीन चालू ठेवे आणि मागून येणाऱ्यांना देत राही. आपल्याकडे लग्नात पंगतीतून उठलेला माणूस हात धुऊन वाढायला उभा राहतो, तसं. मी महिना महिना वाढत उभी असायची. टेलिफोन खात्याचा लाइनमन ह्यांना म्हणायचा, ‘विलासभाऊ, तुमच्या तारेले ताप येऊन राहिला.’

या लोकांच्या गप्पा मारायच्या जागा इंटरनेटवर होत्या. तिथे खरं नाव कोणी सांगत नसे. मी माझं नाव ‘संत्रा’ ठेवलं. समोर खिडकीत संत्र्याची टोपली होती, दुसरं काही सुचलं नाही. बाई असेल असं कोणाच्या मनातही आलं नाही, त्यामुळे मी ‘संत्रा भाई’ झाले. कराचीपासून कॅनडापर्यंत लोक मला भाई म्हणत आणि मी कोठीवर पाय टेकवून, एका हातानं तांदूळ निवडत त्यांना उत्तरं देत असे.

संत्रा भाईला मान होता, तो दोन गोष्टींसाठी. एक म्हणजे मी प्रिंटबद्दल खोटं लिहीत नसे. टॉकीजमध्ये लपवलेल्या कॅमेऱ्यानं उतरवलेला सिनेमा लोक खुशाल ‘एकदम साफ’ म्हणून टाकत. मी लिहायची: कॅमेरा प्रिंट, डाव्या कोपऱ्यात टक्कल, मध्यंतरानंतर कोणीतरी खोकते, गाणं अर्धं कापलेलं. लोकांना ते आवडे. चोरीच्या मालाचं वर्णन तरी खरं आहे, याचं मला समाधान होतं. आता हसू येतं, पण होतं.

दुसरी गोष्ट आवाज. कॉपीवर कॉपी होताना आवाज चित्राच्या मागे पडतो. ओठ हलून जातात आणि मग डायलॉग येतो. थोडाच मागे पडला तर माणसाला कळत नाही काय बिघडलं, नुसतं डोकं दुखतं. काही सिनेमांत तो हळूहळू मागे पडत जातो, म्हणजे सुरुवातीला बरोबर आणि शेवटी नायिका रडून झाल्यावर हुंदका. तो सरळ करायला कान लागतो. दार आपटण्याची, टाळीची, भांडं पडण्याची जागा शोधायची, तिथे आवाज चित्राला बांधायचा, मग पुढची जागा. मी एकेक सिनेमा असा शिवल्यासारखा शिवून काढला आहे. परदेशातल्या एका माणसानं आजारी आईसाठी एक जुना मराठी सिनेमा मागितला होता. मी नागपूरला सीताबर्डीवर जुन्या सीड्यांच्या ढिगात तो शोधला, चार दिवस बसून आवाज सरळ केला आणि पाठवला. त्यानं उलट लिहिलं की आई सोबत गात होती. त्या दिवशी मी ह्यांना विनाकारण गोड शिरा केला.

गिऱ्हाइकांचे प्रकार काय सांगावे. मोहगावच्या एक आजी येत, त्यांना शेवटी कोणी मरत नाही असाच सिनेमा लागे. ‘मंधात मेला तर चालते बाप्पा, पण शेवटी नाही.’ त्यांच्यासाठी मी प्रत्येक सिनेमा शेवटपर्यंत पाहून ठेवी. जामसांवलीला मारुतीच्या दर्शनाला जाणारे लोक बस बदलायला इथे उतरत आणि भजनाची, मारुतीच्या सिनेमाची सीडी मागत. ती मात्र आमच्याकडे ओरिजनल मिळे, कंपनीची, प्लास्टिकच्या वेष्टनातली. हा ह्यांचा नियम. ‘देवाचा माल चोरीचा विकणार नाही,’ म्हणत. लोकांनाही तेच पाहिजे असे. एक गृहस्थ मारुतीची सीडी उजेडात धरून तपासत होते, ओरिजनल आहे ना म्हणून, आणि दुसऱ्या हातात त्याच आठवड्यातल्या नव्या सिनेमाची आमची कॉपी होती. आम्हाला तिघांनाही त्यात काही वावगं दिसलं नाही.

एकदा अफवा उठली की छिंदवाड्याहून धाडीची जीप निघाली. ह्यांनी सगळ्या सीड्या पोत्यात भरल्या आणि शेजारच्यांच्या घरात वेचून ठेवलेल्या कापसाच्या ढिगात पुरल्या. जीप आली, ती जनावरांच्या दवाखान्याची निघाली. सीड्या परत काढल्या, पण पुढचा महिनाभर लोक भांडत येत. ‘विलासभाऊ, हिरोईन बोलून राहिली अन् मंधातच अटकते.’ मी त्यांचं सीडी लावायचं मशीन उघडलं की आतून कापसाची वात निघे.

आता वासुदेवभाऊंचं सांगते. हा लेख त्यांच्यासाठीच आहे.

वासुदेवभाऊ आमच्या भागात लग्नाचं व्हिडिओ शूटिंग करायचे. नातं काही नाही, पण मला वहिनी म्हणत. लग्नाच्याच कॅमेऱ्यावर त्यांनी दोन तासांचा सिनेमा काढला. पोळ्याच्या आदल्या दिवशी एका घरचा बैल हरवतो आणि सगळं गाव भांडणं विसरून तो शोधते, अशी साधी गोष्ट. काम करणारे सगळे इकडचेच. पोस्टमास्तर, शिंपी, बोरगावच्या दोघी जावा. आणि बोलणं आपलं. पडद्यावरचा माणूस ‘मी येऊन राहिलो’ म्हणतो हे आम्ही पहिल्यांदा ऐकलं. कापाकापीचं, जोडणीचं काम त्यांचा भाचा प्रफुल यानं केलं. पोरगा पंचविशीचा, कामात वाकबगार, घरी संत्र्याचा बगीचा. मामा-भाच्यांचं रोज वाजे. नायकाचा बाप नदीवर बैल धुतो, तो सीन प्रफुलला कापायचा होता आणि मामा एक इंच कापू देत नव्हते.

पांढुर्ण्याच्या टॉकीजमध्ये सिनेमा चार दिवस चालला. मग सीड्या करून जामसांवलीला शनिवारी विकायच्या असं ठरलं. त्यासाठी वासुदेवभाऊ आमच्याकडे आले. मी पाहिलं तर उत्तरार्धात आवाज मागे पडत होता. प्रफुलच्या जुन्या मशीननं केलेली खोडी. मी म्हटलं, भाऊजी, असा देऊ नका, ठेवून जा. तो मी सरळ केला. त्यांनी पाहिला आणि म्हणाले, ‘वहिनी, आता माणसं खरी बोलून राहिली.’ त्याच्या सीड्या आम्ही करून दिल्या. प्रफुलजवळ राहिली ती जुनी, आवाज बिघडलेली प्रत.

त्याच आठवड्यात मी तो सिनेमा इंटरनेटवर टाकला.

पैशासाठी नाही, त्यात पैसा नव्हताच. मी परक्या लोकांचे इतके सिनेमे वाढले होते, मला वाटलं एकदा आपल्या घरचं वाढावं. फाइलच्या नावाच्या शेवटी, सगळे लावतात तशी, माझी खूण लावली: संत्रा. वासुदेवभाऊंचं नुकसान होईल असं मनात आलंच नाही. सौंसरमध्ये इंटरनेटवरून सिनेमा उतरवणारी मी एकटी. इंटरनेट म्हणजे बाहेरचं जग, जामसांवलीची जत्रा म्हणजे आपलं जग. बाहेर सोडलेलं घरी परत येईल, हे मला, दिवसभर त्याच कामात असलेल्या बाईला, सुचलं नाही.

सुरुवातीला नुसता आनंद. बैलाच्या सिनेमावर लोक लिहू लागले. आखातात गाडी चालवणाऱ्या पांढुर्ण्याकडच्या एका माणसानं लिहिलं, ‘संत्रा भाई, बारा जण एका खोलीत राहतो, सगळ्यायले दाखवला. केरळचे पोट्टेही रडले.’ मी ते पुन्हा पुन्हा वाचलं आणि कोणालाच सांगता येईना.

मग एका दुपारी बोरगावचा एक जण ह्यांच्यासमोर मोबाईल नाचवत आला. ‘विलासभाऊ, आपल्या वासुदेवचा पिच्चर पाहा, नागपूरच्या मोबाईल दुकानात कार्डात भरून देऊन राहिले. फुकट.’ नागपूरच्या कोणीतरी तो उतरवला होता. मेमरी कार्डात बसून तो बसनं घरी आला. पंधरा दिवसांत मोहगाव, बोरगाव, पांढुर्णा, सगळ्यांच्या खिशात होता. जामसांवलीला वासुदेवभाऊ टेबल लावून बसले की लोक येऊन पाठ थोपटत, मोबाईलवर पाहिला म्हणत, आणि सीडी न घेता जात. दुसऱ्या सिनेमाची जुळवाजुळव त्यांनी त्या सीड्यांच्या भरवशावर केली होती. तो सिनेमा झालाच नाही.

ते आमच्या दुकानात आले ते मला भेटायला, ह्यांना नाही. सोबत प्रफुल होता. पडदा सरकवून वासुदेवभाऊंनी मोबाईल माझ्यासमोर धरला.

‘वहिनी, तुम्ही प्रिंट पाहून सांगता ना, कुठची हाये? सांगा, हे कोणाचं काम.’

मी माझाच सिनेमा पाहत बसले. भांडं पडण्याची जागा आली, आवाज बरोबर बसला होता. माझा टाका.

‘नावात संत्रा लिहून हाये,’ ते म्हणाले. ‘म्हणजे कोणी आपल्याच इकडचा. याच्यावरची तारीख सीड्या विकाच्या पहिलेची हाये, अन् तुम्ही त घरच्या. मास्टर डिस्क दोघायजवळच, माह्याजवळ अन् याच्याजवळ. घरी संत्र्याचा बगीचा याच्या.’

‘मामा, दहा डाव सांगितलं,’ प्रफुल म्हणाला. ‘माह्या डिस्कमधी आवाज मागं हाये. याच्यात बरोबर हाये. मी टाकला असता तर बिघडलेलाच गेला असता ना? वहिनीले विचार. वहिनी, सांगा न यायले.’

तो बरोबर बोलत होता. त्याचं निर्दोष असणं त्या आवाजात होतं आणि ते वाचू शकणारी माणसं जगात दोनच होती, तो आणि मी. दोघेही माझ्याकडे पाहत होते.

मी म्हणाले, ‘आवाजाचं काय, आजकाल कोणीही नीट करू शकते जी.’

एवढंच. प्रफुलचं नाव मी घेतलं नाही, उलट नागपूरच्या कोणाचं काम असेल असंही पुटपुटले. पण वासुदेवभाऊंना पाहिजे होतं ते मिळालं. कोणीही करू शकतं, म्हणजे प्रफुलही करू शकतो. आणि मला माहीत होतं की कोणीही करू शकत नाही. प्रफुलला ते येत नव्हतं, म्हणूनच तर सिनेमा माझ्याकडे आला होता.

त्या महिन्यात प्रफुल नागपूरला निघून गेला. तिथे त्यानं लग्नाच्या फिल्मा जोडायचं दुकान टाकलं, चांगलं चालतं म्हणतात. वासुदेवभाऊंच्या आईच्या तेरवीला मामा-भाचे एका मांडवात होते आणि बोलले नाहीत. मी दोघांना वाढलं.

संत्रा भाई मी तेव्हाच बंद केला. लोक विचारत राहिले, भाई कुठे गेला. ह्यांना म्हटलं, डोळे दुखतात. पुढे फोनवरच सगळं मिळायला लागलं, दुकानही गेलं. खोट्यापेक्षा मला एक वेगळीच गोष्ट टोचत राही, की माझ्या हातची सगळ्यांत चांगली कला मी त्या दिवशी फालतू म्हणून सांगितली.

यंदा, संत्र्याचा बार तोडायच्या दिवसांत, वासुदेवभाऊ घरी आले. केस पांढरे, बाकी तसेच. ह्यांच्यासोबत चहा झाला. मग मला म्हणाले, ‘वहिनी, तो पिच्चर आता मीच टाकून देतो इंटरनेटवर. पाहू द्या लोकायले. माह्या सीड्यायले बुरशी लागली. तुमच्याजवळ असन न?’

‘आहे,’ मी म्हटलं.

‘एक काम करसान? सुरुवातीच्या नावायमधून प्रफुलचं नाव काढता येते का? तुमाले येते सगळं.’

येतं. पाव तासाचं काम. दोन नावांच्या मधली पाटी काढायची, संगीताचा सांधा जुळवायचा, कोणाला कळणारही नाही. मी सांधा कुठे जोडता येईल याचा विचार करू लागले होते, हात तर आधीच तयार. तेव्हा मला माझी भीती वाटली.

‘नाही काढत, भाऊजी,’ मी म्हणाले. ‘त्यानं टाकला नव्हता. मी टाकला होता. संत्रा म्हणजे मी.’

हे कपातला चहा बशीत ओतत होते, ते तसेच थांबले. ह्यांनाही माहीत नव्हतं. वासुदेवभाऊंना पहिल्यांदा समजलं नाही. मी सगळं सांगितलं, आवाजाचं, त्या दुपारचं, मी काय बोलले आणि कायले बोलले ते. मध्येच थांबले नाही, कारण थांबले असते तर उरलेलं राहिलं असतं.

ते बराच वेळ टेबलावरच्या कापडाची घडी सरळ करत राहिले. मग म्हणाले, ‘मारुतीची सीडी ओरिजनल विकत होते तुम्ही. नाही का, विलासभाऊ?’

ह्यांनी बशी खाली ठेवली.

‘माह्या बैलालेच देव मानलं असतं त बरं झालं असतं.’

मी मान खाली घातली.

थोड्या वेळानं त्यांनी विचारलं, ‘किती लोकायनं पाह्यला?’

‘मोजता येत नाही जी. पण दूरदूरच्या.’ मी आखातातल्या त्या बारा जणांचं सांगितलं.

‘केरळचे रडले?’

‘असं लिहिलं होतं त्यानं.’

‘कोणत्या सीनले?’

‘ते लिहिलं नव्हतं.’

त्यांनी मान हलवली. चेहऱ्यावर राग होता आणि रागाच्या खाली आणखी काहीतरी होतं, जे त्यांना मला दाखवायचं नव्हतं. ‘प्रफुलले फोन लावा,’ ते म्हणाले. ‘मी नाही लावत. तुम्ही लावा अन् तुम्हीच सांगा, जसं आता सांगितलं तसं. नंबर विलासभाऊजवळ असन.’

मी लावला. स्पीकर सुरू करून फोन टेबलावर ठेवला. प्रफुलनं सगळं ऐकून घेतलं. पलीकडे कोणाच्या तरी लग्नाची सनई वाजत होती, ती त्यानं बंद केली.

‘वहिनी,’ तो म्हणाला, ‘माही मेहनत खराब होती त म्या कबूल केली होती, तुमच्यासमोर. तुमची चांगली होती तरी तुमाले सांगता आली नाही.’

‘नाही आली.’

‘इतके वर्ष मी कोणत्याही पार्टीले म्हणतो, आवाज पाहून घ्या, लिहून द्या बरोबर हाये म्हणून. त्या दिवसापासून.’

माफ कर म्हणणं फार लहान वाटलं, तरी म्हटलं. त्यानं हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. विचारलं, ‘मामा बसला हाये का तिथंच?’

वासुदेवभाऊ खुर्चीत पुढे सरकले, घसा साफ केला आणि म्हणाले, ‘पिच्चर टाकून राहिलो इंटरनेटवर. तुवं नाव राहीन.’

‘टाक. पण पहिले तो बैल धुण्याचा सीन काप.’

‘कायले कापू?’

‘लंबा हाये, मामा. तवाही लंबा होता.’

‘बैल धुवायले टाइम लागते. तू धुतला का कधी?’

‘माणसं उठून जात होते टॉकीजमधून. म्या मागं उभं राहून पाह्यलं.’

‘बिडी ओढायले जात होते ते.’

‘त्याच सीनले कायले जात होते मंग?’

हे असं पाच-सात मिनिटं चाललं. आमच्या ह्यांनी चहा पुन्हा गरम करून आणला, तो कोणी घेतला नाही. शेवटी वासुदेवभाऊ माझ्याकडे वळले. डोळे लाल होते. ‘वहिनी, तुम्ही शंभर डाव पाह्यला. सांगा याले. लंबा होता का?’

दोघेही थांबले होते, मी काय म्हणते त्यासाठी.

‘होता, भाऊजी,’ मी म्हणाले. ‘दीड मिनिट तरी जास्तीचा होता.’